बिबवेवाडीच्या शिवेवर

पहाटेचे पावणेतीन. तुम्ही टेम्पोच्या हौद्यात, कोथिंबिरीच्या ढिगाला पाठ लावून बसला आहात. खाली ओलं गोणपाट, वर ओलं गोणपाट आणि मधे पुरंदरच्या पठारावरून तुमच्याबरोबर आलेला गारवा. सासवड सोडून बराच वेळ झाला. बोपदेव घाट उतरताना ड्रायव्हरनं एकदाच हाक दिली होती, "मामा, झोपू नका, वळणं हायती." मग येवलेवाडी, कोंढवा, आणि आता गंगाधामचा चौक. पुढे लाल दिव्यांची रांग लागते. गाड्यांचा वेग मंदावतो आणि टेम्पो थांबतो.

ही थांबण्याची जागा नीट लक्षात ठेवा. आज रात्री तुम्हाला इथेच पुन्हा पुन्हा थांबायचं आहे.

मार्केट यार्ड, गुलटेकडी, पुणे ३७. शहर झोपलं आहे आणि इथे दिवस डोक्यावर आल्यासारखा उजेड आहे. फळी पडते. एक हमाल हौद्यात चढतो, तुमच्याकडे न बघता पहिला डाग उचलतो आणि "बाजूला, बाजूला, पाय सांभाळा" म्हणत गर्दीत शिरतो. तुम्ही उतरता तो पाय कोबीच्या पाल्यावर पडतो. डावीकडे कांद्याची रास, उजवीकडे साताऱ्याचं आलं, त्यापलीकडे मध्य प्रदेशातून आलेला लसूण. पालेभाजीचा भाव शेकड्यावर बोलला जातो, फळभाजीचा दहा किलोवर. अडत्याचा माणूस तुमच्या कोथिंबिरीची एक जुडी उचलतो, झटकतो, देठं बघतो, नाकाशी नेतो. दीड महिना राबून उभं केलेलं पीक त्या एका हुंगण्यात जोखलं जातं. भोवती किरकोळ विक्रेत्यांचं कडं पडतं, आकडे चढतात, थांबतात. संपलं.

थोड्या वेळानं शेतकऱ्याच्या हातात पट्टी येते. अर्धा कागद. त्यावर विकलेला माल, भाव, हमाली, तोलाई, गाडीभाडं आणि खाली उरलेली रक्कम. तो कागद चार घड्या करून बंडीच्या आतल्या खिशात ठेवतो, चहा पितो आणि टेम्पोत जाऊन बसतो. त्याची कोथिंबीर आता पुण्यात जाईल, सदाशिव पेठेत, कोथरूडला, कल्याणीनगरला. तो जाणार नाही. वर्षानुवर्षं पुण्याला माल पाठवणारी अशी माणसं मला ठाऊक आहेत, ज्यांनी शनिवारवाडा पाहिलेला नाही. पुण्याला जाऊन आलो, असं ती गावी सांगतात. ती गेलेली असतात पुण्याच्या शिवेपर्यंत.

मी तुम्हाला इथे आणलं ते या शिवेसाठी. शीव म्हणजे गावाची हद्द. आपल्या भाषेत या शब्दाला मोठा मान आहे. मुंबई बेट संपून साष्टी सुरू होई त्या जागेचं नाव शीव. लग्नाच्या आदल्या दिवशी नवरदेवाची पूजा होते ते सीमांतपूजन, कारण वऱ्हाड आधी गावाच्या सीमेवर थांबायचं, तिथे त्याचे पाय धुतले जायचे, मग ते आत यायचं. आता ते हॉलमध्ये आटपतात. तेव्हा पाहुण्यालासुद्धा शिवेवर थांबूनच गावात प्रवेश होता.

तर ही जागा. उजेडाकडे पाठ करा आणि दक्षिणेला तोंड करून उभे राहा. इमारती मनानं काढून टाका. समोर, सात-आठ किलोमीटरवर, कात्रजच्या डोंगराची काळी कड दिसेल. डावीकडे कोंढव्याचं टेकाड, उजवीकडे पर्वती आणि तिला लागून तळजाई. या सगळ्यांनी वेढलेली जमीन तुमच्या पायाखालून उत्तरेला, मुठेकडे उतरत जाते. कात्रजहून आंबील ओढा पश्चिमेच्या बाजूनं खाली येतो. पूर्वेला वानवडीकडून भैरोबा नाला. खाली काळा बेसॉल्ट, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी थरावर थर ओतलेला लाव्हा. वर मुरूम, त्यावर हातभर माती, तीही सखल जागीच. पाऊस बेताचा, कारण सह्याद्री बहुतेक पाऊस पश्चिमेलाच अडवतो. अशा जमिनीवर बाजरी होते, हुलगा होतो, आणि बांधाला बिबव्याची झाडं. त्या झाडांचं नाव घेऊन एक वाडी या उतारावर वसली. बिबवेवाडी. पुणे कसबा नदीकाठी, ही टेकडीच्या पोटाशी, आणि दोघांच्या मधल्या माळावर तुम्ही उभे आहात.

आता चाला. पावलं मागे टाका, तोंड डोंगराकडेच असू द्या.

पहिलं पाऊल, एप्रिल २०२०. दिवे तेच, पण खाली कोणी नाही. गाळ्यांची शटरं ओढलेली, काट्याचं पारडं स्थिर. एवढ्या मोठ्या जागेत तुम्हाला तुमच्याच चपलांचा आवाज ऐकू येतो. शहरानं स्वतःला आत कोंडून घेतलं तेव्हा भाजी पिकायची थांबली नव्हती. ती शिवेपर्यंत पोचू शकत नव्हती एवढंच. त्या महिन्यात मेथीवर नांगर फिरवणाऱ्यांचे चेहरे तुम्ही विसरला असाल, तर इथे क्षणभर थांबा.

दुसरं पाऊल, जुलै २०१६. गाळ्यांसमोर घोळके, चढे आवाज. राज्यानं फळं-भाजीपाला नियमनातून मोकळा केला आहे आणि शेतकऱ्याच्या पट्टीतून आडत कापायची नाही, ती खरेदीदारानं द्यायची, असं ठरवलं आहे. मघाशी शेतकऱ्याच्या पट्टीत तुम्हाला आडतीचा आकडा दिसला नाही, तो यामुळे. आणखी थोडं मागे, २०१३ च्या आधी, शहरात शिरणाऱ्या रस्त्यांवर जकात नाके आहेत. ट्रकांच्या रांगा, पावती फाडणारा कारकून. त्या वर्षी एप्रिलमध्ये पुण्यातली जकात उठली आणि स्थानिक संस्था कर आला, २०१७ च्या जुलैत वस्तू आणि सेवा कर. नाक्याच्या टपऱ्या मोडल्या. माल अडवून कर घ्यायची शेकडो वर्षांची रीत एका पिढीच्या डोळ्यांदेखत संपली. माल थांबायची जागा मात्र उरली, तीच जिथे तुमचा टेम्पो थांबला.

इथून एक लांब पाऊल टाका.

दिवे विझतात. तुम्ही उघड्या माळावर आहात, सत्तरच्या दशकातल्या. दूर स्वारगेटच्या एसटी स्टँडचा हॉर्न ऐकू येतो. मुरूम उकरलेला आहे, खांब उभे राहत आहेत. पुणे कृषी उत्पन्न बाजार समिती १९५७ मध्ये झाली, पण बाजार अजून शहराच्या पोटातच आहे. भुसार माल भवानी पेठ आणि नाना पेठेत, भाजी मंडईत. बैलगाडीसाठी आखलेल्या बोळांत ट्रक अडकतात. म्हणून या सत्तर-ऐंशीच्या दशकांत बाजार टप्प्याटप्प्यानं इथे, गुलटेकडीवर आणला जातो. त्या काळातल्या पुणेकराला ही जागा गावाबाहेरची वाटते. एवढ्या लांब कोण जाणार, असं व्यापारी म्हणतात.

भवानी पेठेत तुम्हाला थोडा वेळ न्यावं लागेल, कारण मार्केट यार्डाचा कणा तिथे घडला. पोत्यांनी भरलेलं गोदाम. मावळ-मुळशीच्या डोंगरातून आलेला एक माणूस वाकला आहे, दोघं मिळून त्याच्या पाठीवर पोतं चढवतात. क्विंटलचं पोतं, म्हणजे शंभर किलो. त्याच्या स्वतःच्या वजनापेक्षा कितीतरी जास्त. तो सरळ होत नाही, वाकलेलाच चालायला लागतो, फळीवरून, पायाच्या बोटांनी लाकूड धरत. मजुरी व्यापारी देईल ती. पाठ गेली की माणूस गावाला गेला. या माणसांना एकत्र करून बाबा आढावांनी पन्नाशीच्या दशकाच्या मध्यावर हमाल पंचायत उभी केली. त्यांचा दवाखाना याच पेठांच्या परिसरात होता, आणि मला वाटतं डॉक्टरनं रोज तीच तीच दुखणारी पाठ तपासली की आजार पाठीत नसून पोत्यात आहे हे त्याला कळतं. महाराष्ट्राचा माथाडी कायदा १९६९ चा. त्यानं डोक्यावर-पाठीवर ओझं वाहणाऱ्या माणसाला मंडळ दिलं, नोंद दिली, भविष्य निर्वाह निधी दिला. देशात अशा मजुरांसाठी असा कायदा आधी नव्हता. पोतं पन्नास किलोचं करा, ही मागणी त्यानंतरही कित्येक वर्षं लढवावी लागली.

आता परत या माळावर. मघाशी तुमच्या डागाला ज्यानं हात घातला, तो हमाल या लढ्याचा वारस आहे. यार्डाशेजारी हमाल नगर आहे आणि आंबेडकर नगर आहे. शिवेवर राबणारी माणसं शिवेवरच राहिली. हमाल पंचायतीच्या 'कष्टाची भाकर'मध्ये झुणका-भाकर खाताना हे आठवलं, तर घास थोडा सावकाश चावाल.

१२ जुलै १९६१. इथून तुम्हाला काही दिसत नाही, उत्तरेकडून फक्त गलबला ऐकू येतो. पानशेत फुटलं, मग खडकवासला. नदीकाठच्या पेठांत पाणी, आणि चिखलात बसलेलं शहर उंच जमिनीकडे बघायला लागतं. पर्वतीच्या मागच्या शेतांवर वसाहती आखल्या जातात, सहकारनगर, लक्ष्मीनगर. बिबवेवाडीच्या शिवेच्या पश्चिम कडेला पहिल्यांदाच पेठांतली माणसं येऊन राहतात. पूर ओसरला, ती माणसं उरली. पुण्याची शीव सरकली ती ठरावांनी कमी आणि अशा दिवसांनी जास्त. महानगरपालिका १९५० मध्ये झाली, भोवतालची गावं आत घेतली, १९९७ मध्ये आणखी ३८ गावांचा निर्णय झाला, २०१७ मध्ये ११, २०२१ मध्ये २३. प्रत्येक वेळी एखाद्या गावाच्या पारावर कोणीतरी विचारतं, पाणी कधी येणार? आणि शहरातून आधी येतं ते दुसरंच. उरुळी देवाची आणि फुरसुंगीच्या लोकांना विचारा. ती गावं पुण्यात यायच्या कितीतरी आधी पुण्याचा कचरा त्यांच्या शिवारात आला.

पाण्याचं नाव निघालंच आहे. आणखी मागे जा, १८७० च्या दशकात. खडकवासल्याचं धरण उभं राहत आहे आणि मुठेचा उजवा कालवा पर्वतीच्या पायथ्यावरून, स्वारगेटच्या अंगानं हडपसरकडे खोदला जात आहे. कालव्यानं एक रेघ ओढली. तिच्या खालच्या अंगाला मळे फुलले, ऊस आला, भाजी आली. वरच्या अंगाला बिबवेवाडीचा उतार कोरडाच, कारण पाणी चढण चढत नाही. तुम्ही त्या रेघेच्या वरच्या बाजूला उभे आहात.

इथून कोसभरावर गंज पेठेत जोतीराव फुले राहतात. घराण्याचा धंदा फुलांचा. आडनाव तिथूनच आलं. १८६८ मध्ये त्यांनी आपल्या घरचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. पुढे नगरपालिकेचे सभासद असताना मंडईची भव्य इमारत बांधायला त्यांनी विरोध केला, कारण तो पैसा आधी गरिबांच्या शिक्षणावर खर्च व्हावा असं त्यांचं म्हणणं होतं. १८८६ मध्ये इमारत उघडली, गव्हर्नर रे यांच्या नावानं, आणि नंतर तिलाच महात्मा फुले मंडई हे नाव मिळालं. पहाटे यार्डाच्या फूलबाजारात झेंडूच्या राशींजवळून जाल तेव्हा त्या माळ्याच्या मुलाची आठवण ठेवा. शेतकरी बाजाराला येतो तेव्हा कोण कोण त्याला कुठे कुठे नाडतो, हे इतक्या बारकाईनं त्यांच्याआधी कोणी लिहिलं नव्हतं.

क्षणभर थोडं अलीकडे या, १८९७. प्लेग. शिवेबाहेर छावण्या आहेत. आजारी माणूस शहराला नको आहे. मुंढव्याच्या वाटेवर जोतीरावांच्या पत्नी सावित्रीबाई एका आजारी मुलाला पाठीवर घेऊन येत आहेत, त्यांचे दत्तक पुत्र यशवंतराव यांच्या दवाखान्याकडे. १० मार्चला त्या स्वतः प्लेगनं गेल्या. पाठीवर ओझं घेऊन शिवेवरून चालत येणाऱ्या माणसांच्या रांगेत मी त्यांनाही धरतो.

आता श्वास घ्या. पुढचं पाऊल शंभर वर्षांचं आहे आणि तिथे तुम्हाला जास्त वेळ राहायचं आहे.

हिवाळ्याची सकाळ. पेशवाई. रस्ता नाही, पायवाट आहे. बांधावर बिबव्याचं झाड, फांद्यांना नारिंगी बोंडं आणि त्यांच्या टोकाला काळं फळ. एक मुलगी बोंड तोडून खाते आहे, काळं फळ मात्र काडीनं वेगळं करते, हात लावत नाही. बिब्बा उतला तर अंगभर फोड येतात, हे तिला आईनं शिकवलं आहे. खालच्या ओढ्यावर परीट बिब्ब्याच्या तेलानं धोतराच्या कोपऱ्यावर खूण करतो. कितीही धुवा, ती जात नाही. आत गोडंबी असते, बाळंतिणीच्या लाडवात घालायची. विष, औषध, शाई आणि खाऊ एकाच फळात.

वाडी लहान आहे. काही घरं मातीची, काही कुडाची, एक देऊळ, एक विहीर, आणि त्या विहिरीपासून दूर, कुसाबाहेर, महारवाडा. आज माणसं जमली आहेत, कारण शेजारच्या गावाशी शिवेचा तंटा आहे. असे तंटे देशावरच्या कुठल्याही दोन गावांत होत. पावसानं बांध वाहून गेला की हद्द कुठे होती हे कोण सांगणार? पाटलाकडे नकाशा नाही. कुलकर्ण्याच्या दप्तरात बिघे आहेत, रेघ नाही. मग बोलावलं जातं गावच्या महाराला. तो वेसकर, तो शिवेचा राखणदार, त्याच्या बापानं त्याला लहानपणी ही हद्द चालून दाखवली आहे. शपथ घेऊन, डोक्यावर मातीचं ढेकूळ ठेवून तो चालू लागतो. दोन्ही गावं मागे. कोणी बोलत नाही. तो ओढ्यावरून, दगडाला वळसा घालून, बिबव्याच्या झाडाखालून जातो आणि जिथून तो चालला ती शीव. खोटं चालला तर माती त्याच्या कुळावर कोसळेल, अशी श्रद्धा.

तुम्ही त्याच्या मागे चाला. त्याच्या अनवाणी पायांकडे बघा. गावात ज्याला विहिरीला शिवायची मुभा नाही, त्याच्याच पावलांवर गाव आपली जमीन मोजतं. अख्ख्या गावाचा भूगोल या माणसाच्या डोक्यात आहे आणि घर गावाच्या बाहेर. हीच पावलं जर उत्तरेला, पुण्याच्या वेशीकडे वळली तर? राजधानीत शिरताना अस्पृश्याला कमरेला झाडू बांधावा लागे, आपल्या पावलांचा माग मागच्या मागे पुसण्यासाठी. डॉ. आंबेडकरांनी १९३६ च्या 'अॅनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये हे नोंदलं आहे. वाडीत ज्याची पाऊलवाट हद्द ठरते, तिथून कोसभरावर त्याची पाऊलखूणसुद्धा उरू द्यायची नाही. हे लिहिताना माझा हात थांबतो.

मालासाठी वेशी उघड्या आहेत. दाणा, गवत, सरपण, भाजी, दूध, सगळं जकात देऊन आत जातं. रात्रीची तोफ झाली की रस्त्यावर कोणी फिरायचं नाही, पकडलं तर चौकीत. ज्या वेळेला आज यार्डात बोलीचे आवाज चढतात, त्या वेळी त्या पुण्यात कोतवालाच्या माणसांखेरीज पाऊल वाजत नाही.

पश्चिमेच्या अंगाला, जमिनीखाली, काहीतरी वाहतं आहे. कान लावा. नानासाहेब पेशव्यांनी अठराव्या शतकाच्या मध्यावर कात्रजला तलाव बांधला आणि तिथलं पाणी दगडी नळातून, बंदिस्त, शहरातल्या हौदांपर्यंत नेलं. माणूस आत उतरून साफसफाई करू शकेल एवढा तो नळ, मधे मधे उच्छ्वास. पाणी डोंगरातून निघून या वाड्या-वस्त्यांच्या शेजारून जमिनीच्या पोटातून जातं आणि शनिवारवाड्याच्या बाजूला वर येतं. तहान इथे, हौद तिथे. आज स्वारगेटहून कात्रजकडे भुयारी मेट्रोचा मार्ग आखला आहे, वाटेत मार्केट यार्डचं स्थानक धरून. अडीचशेहून जास्त वर्षांनंतर त्याच उतारावर, त्याच दोन टोकांना जोडणारा दुसरा बोगदा. या वेळी मधल्या लोकांनाही आत उतरता येईल, याचा मला मनापासून आनंद आहे.

अचानक पूर्वेकडून धडाका.

२५ ऑक्टोबर १८०२. दिवाळी आहे. वाडीतल्या बायका अंगणात आहेत आणि हडपसरच्या बाजूला तोफा सुरू झाल्या आहेत. यशवंतराव होळकर एका बाजूला, शिंदे आणि पेशव्यांच्या फौजा दुसऱ्या बाजूला. दोन्हीकडे मराठे. धूर वानवडीवरून, जिथे आठ वर्षांपूर्वी महादजी शिंद्यांनी देह ठेवला, तिथवर सरकतो. मुलगी कानावर हात ठेवते. दुपार व्हायच्या आधीच पळालेले घोडे माळावरून मोकळे धावत येतात, पाठीवर खोगीर, वर स्वार नाही. दुसरा बाजीराव पर्वतीच्या अंगानं सिंहगडाकडे निघून जातो. तिथून कोकण, तिथून वसई, आणि वर्षाच्या अखेरच्या दिवशी इंग्रजांशी तह.

इतिहासाची पुस्तकं त्याच्याबरोबर वसईला जातात. तुम्ही इथेच थांबा. फौजेचे घोडे उभ्या बाजरीत सोडले आहेत. गवताच्या गंजी ओढल्या जात आहेत. घरांची छपरं शेकोटीसाठी उतरवली जात आहेत. पुढचं वर्ष लुटीचं आणि त्याच्या पुढचं, १८०३-०४, पुणे प्रांतातल्या भीषण दुष्काळाचं. पाऊस कमी होता हे खरं, पण बियाणंच घोड्यांनी खाल्लं होतं. शिवेवरच्या गावाला राजधानीची लढाई अशी भोगावी लागते. तिचं नाव तहात येत नाही.

शेवटचं पाऊल. त्या मुलीचा हात सोडा.

चैत्र शुद्ध अष्टमी, ५ एप्रिल १६६३. झाडं जास्त, घरं कमी. बत्तीस-तेहतीस वर्षांपूर्वी या प्रांतानं दुष्काळ पाहिला आहे, आदिलशाही सरदारानं कसब्यावर गाढवांचा नांगर फिरवलेला पाहिला आहे, आणि मग जिजाबाई आणि बाळ शिवबांनी तीच जमीन पुन्हा नांगरलेलीही. आता तीन वर्षं लाल महालात शाइस्तेखान बसला आहे. रमजानचे दिवस आहेत. उपास सोडून छावणी निजली आहे. चंद्र मावळला. तुमच्या पुढ्यातून, वरातीसारखी दिसणारी माणसं मघाशी कसब्याकडे गेली, असं लोक सांगतात. वरात म्हटल्यावर शिवेवर कोण अडवणार?

मग उत्तरेला आरडाओरडा. मशाली पेटतात, टापा वाजतात. खानाची बोटं तुटली आहेत, मुलगा मारला गेला आहे, आणि मारणारे अंधारात विरघळले आहेत. कुठे गेले? तेवढ्यात तुम्ही ज्या दिशेला तोंड करून उभे आहात तिथे, कात्रजच्या कड्यावर, उजेड दिसतो. एक ठिपका, दहा, शंभर. उजेडाची माळ घाट चढते आहे. मोगल घोडदळ तुमच्या दोन्ही बाजूंनी दक्षिणेकडे उधळतं, मुरूम तुमच्या तोंडावर उडतो. घाटात त्यांना सापडतात ते बैल, शिंगांना पोत बांधलेले. शिवाजी महाराज तोवर सिंहगडाच्या वाटेला. कात्रजचा घाट दाखवणे हा वाक्प्रचार मराठीला या रात्रीनं दिला असं परंपरा सांगते. ते बैल कुणाचे होते, हे मात्र परंपरा सांगत नाही. मला नेहमी वाटतं, ते आसपासच्या वाड्यांचे असणार. कुणीतरी दावणीतून आपली जोडी सोडून दिली असणार, सकाळी औताला काय जुंपायचं हे न विचारता.

त्या उजेडाकडे बघत राहा आणि आता पावलं पुढे टाका, भरभर. पोत विझतात. तोफा, छावण्या, कालव्याचं खोदकाम, पुराचा गलबला, मुरुमावर उभे राहणारे खांब, जकातीची पावती, बंद शटरं. एक हमाल तुमच्या खांद्याला धक्का देऊन जातो. "मामा, रस्त्यात काय उभारलाय?"

साडेपाच वाजले आहेत. किरकोळ विक्रेत्यांच्या रिक्षा शहराकडे निघाल्या, टपावर कोथिंबीर. ती तुमचीच असेल, पण ओळखू येत नाही, तिच्यावर बिब्ब्याची खूण नाही. झाडणाऱ्या बायका कोबीचा पाला ओढतात. ड्रायव्हर टेम्पो वळवतो. शेतकरी पुढच्या सीटवर, मान खिडकीला टेकवून झोपलेला, एक हात बंडीच्या खिशावर.

तुम्ही त्याच्याबरोबर परत जाऊ शकता किंवा इथून पायी स्वारगेटला. तुम्ही यार्डाच्या एका धान्याच्या गोदामाच्या जिन्यावर चढता, वरून एकदा बघावं म्हणून. अजून फटफटलं नाही. आग्नेयेला, कोंढव्याच्या पलीकडे, बोपदेव घाटात दिवे दिसतात. एकामागे एक, सावकाश, रिकाम्या टेम्पोंचे लाल दिवे पठाराकडे चढत आहेत.